इंटरनल हेक्स इम्प्लांट: पेटंट आणि सार्वजनिक नोंदी तपासण्याच्या प्रकल्प नोंदी

२ जून २०२५, सोमवार

कोणाच्या पेटंटला न अडता आम्हाला बनवायची ती वस्तू नक्की केली. टायटॅनियमचा, दाताच्या मुळाच्या आकाराचा इम्प्लांट. वरच्या तोंडाचा व्यास ३.५ मिमी, आत षटकोनी खाच म्हणजे इंटरनल हेक्स, खाचेत बसणारा ॲबटमेंट (कृत्रिम दाताला धरणारा वरचा भाग) आणि दोघांना धरून ठेवणारा स्क्रू. हा जोड जगभर इतक्या जणांनी उचललाय की ‘आता तो सगळ्यांचाच’ असं सर्रास बोललं जातं. ते बरंचसं खरं आहे, पण वस्तूच्या कोणत्या भागाबद्दल खरं आहे हे सांगितल्याशिवाय त्याचा उपयोग नाही. षटकोनाच्या पेटंटची मुदत संपली म्हणून पृष्ठभागावरच्या प्रक्रियेची संपत नाही. म्हणून वस्तू पाच भागांत मोडली: बाहेरचे आटे, जोड, पृष्ठभाग, स्क्रू, आणि पॅकिंगसह ड्रायव्हर (स्क्रू आवळायचं हत्यार). प्रत्येक भागाची फाइल वेगळी ठेवायची.

पेटंट देशापुरतं असतं. इथे बनवून इथेच विकायचं असेल तर भारतातलं पेटंट पाहायचं. माल बाहेर पाठवायचा असेल तर त्या देशाचंही पाहायचं, पण म्हणून भारतातलं सुटत नाही, कारण ‘बनवणं’ हाच मुळात पेटंटधारकाचा हक्क आहे. ‘आम्ही इथे विकतच नाही’ ही सबब चालत नाही.

४ जून

शब्दांची यादी केली. हे काम कंटाळवाणं आहे, पण शोध फसतो तो इथेच. एकाच वस्तूला प्रत्येकाने वेगळं नाव दिलंय. स्वीडिश परंपरेत इम्प्लांटला ‘फिक्स्चर’ म्हणतात, एका महत्त्वाच्या अमेरिकन पेटंटमध्ये ‘अँकर’, जपानी कागदांच्या भाषांतरात ‘आर्टिफिशियल टूथ रूट’. हेक्स हा शब्द तर पुष्कळ दाव्यांत (पेटंटच्या ज्या कलमांत हक्क मागितलेला असतो त्यांत) सापडतच नाही. वकील मुद्दाम ऐसपैस शब्द घालतात: पॉलिगोनल, नॉन-सर्क्युलर, अँटी-रोटेशन, इंडेक्सिंग, रेंच-एंगेजिंग. नुसतं ‘हेक्स’ टाकून शोधणाऱ्याला नेमके सर्वांत रुंद दावेच दिसत नाहीत.

वर्गीकरणाने ही अडचण निम्मी सुटते. दंत इम्प्लांटचा वर्ग ए६१सी ८/००. एस्पसनेटवर (युरोपीय पेटंट कार्यालयाची शोधसाइट) सीपीसी या वर्गीकरणाचे बारीक उपवर्ग मिळतात: वरचा भाग इम्प्लांटला जोडणाऱ्या साधनांसाठी ८/००५, बहुकोनी जोडासाठी ८/००६, शंकूच्या जोडासाठी ८/००६९, द्रव्य आणि पृष्ठभागासाठी ८/००१२. भारतीय शोधात मात्र आयपीसी हे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण चालतं, तिथे इतकी बारीक फोड नाही. आधी एस्पसनेटवर कुटुंबं (एकाच शोधाचे निरनिराळ्या देशांतले अर्ज) काढायची, मग त्यांतलं भारतात कोण आलंय ते पाहायचं. उलट दिशेने गेलं तर दुप्पट वेळ लागतो.

५ जून

भारतीय पेटंट कार्यालयाचा शोध, इनपास. अडखळायच्या जागा लिहून ठेवल्या:

‘पब्लिश्ड’ आणि ‘ग्रँटेड’ या खुणा वेगळ्या आहेत, दोन्ही लावून पाहायचं. तारखेत आधी महिना, मग दिवस. आपल्या सवयीने दिवस आधी टाकला तर १२ तारखेपर्यंत काही चूक दिसत नाही, निकाल तेवढे चुकीचे येतात. आयपीसीचा वर्ग बऱ्याच नोंदींत शून्यं भरून लांबलचक लिहिलेला असतो (ए६१सी०००८००००००, रोमन अक्षरांत), जुन्या नोंदींत साध्या रूपात. दोन्ही रूपांनी शोधलं नाही तर अर्धी यादी हातातून जाते. संपूर्ण तपशिलाचा मजकूर स्कॅनवरून वाचून घेतलेला असतो, त्यामुळे जुन्या कागदांत अक्षरं बिघडलेली असतात. महत्त्वाचा शब्द न सापडणं म्हणजे तो कागदात नसणं नव्हे.

अर्जदाराचं नाव हीसुद्धा खात्रीची जागा नाही. कंपन्या विकल्या जातात, नावं बदलतात, नोंद जुन्याच नावावर राहते. शोधकाच्या नावाने दुसरी फेरी घ्यायची.

११ जून

अर्ज क्रमांक वाचायची पद्धत टेबलावर चिकटवली. २०१६ पासूनचा क्रमांक बारा आकड्यांचा. पहिले चार म्हणजे वर्ष. पाचवा कार्यालयाचा: १ दिल्ली, २ मुंबई, ३ कोलकाता, ४ चेन्नई. सहावा प्रकाराचा: १ साधा अर्ज, ४ कन्व्हेन्शन (परदेशातल्या आधीच्या अर्जावर आधारलेला), ७ पीसीटीतून, म्हणजे आंतरराष्ट्रीय अर्जाच्या करारातून आलेला. उरलेले सहा अनुक्रमाचे. म्हणजे २०१७२७ ने सुरू होणारा क्रमांक मुंबईत २०१७ साली पीसीटीमार्गे आलेला. त्याआधीच्या क्रमांकांत मध्ये एमयूएम, डीईएल अशी अक्षरं असतात. एमयूएमएनपी असेल तर तोही पीसीटीचाच.

इथली एक चूक महागात पडते. मुदत २० वर्षांची, पण पीसीटीच्या अर्जात ती आंतरराष्ट्रीय दाखल तारखेपासून मोजतात, भारतात आल्यापासून नाही. भारतात यायला अग्रक्रमाच्या (सर्वांत पहिल्या अर्जाच्या) तारखेपासून ३१ महिने मिळतात. त्यामुळे क्रमांकात २०१७ दिसलं म्हणून २०३७ लिहून मोकळं व्हायचं नाही. आंतरराष्ट्रीय अर्ज २०१५चा असेल तर मुदत २०३५लाच संपते. आमच्या पहिल्या तक्त्यात ही चूक होती, सगळ्या ओळी पुन्हा तपासल्या.

अमेरिकन क्रमांकांचा सापळा वेगळा. तिथे अर्ज मंजुरीआधी प्रसिद्ध व्हायला लागले ते मार्च २००१ पासून. त्याआधीच्या क्रमांकापुढे एस्पसनेटवर ‘ए’ दिसतो, पण तो अर्ज नसून मंजूर पेटंटच असतो. आणि ८ जून १९९५ च्या आधी दाखल झालेल्यांची मुदत मंजुरीपासून १७ किंवा दाखल तारखेपासून २० वर्षं, यांत जी लांब ती.

१७ जून

जोडाची फाइल. आधारभूत कागद: यूएस ४,९६०,३८१, जेराल्ड निझनिक, १९९०. शीर्षकात ‘स्क्रू-टाइप डेंटल इम्प्लांट अँकर’, म्हणजे परवाच्या यादीतला ‘अँकर’ इथून आला. मुदत कुठल्याही हिशेबाने संपून दशक उलटलंय.

हा कागद सावकाश वाचण्यासारखा आहे, कारण त्याआधी काय होतं ते कळलं तरच त्याची गरज कळते. स्वीडनच्या ब्रोनेमार्क यांच्या पद्धतीच्या इम्प्लांटवर हेक्स बाहेर होता: ४.१ मिमीच्या तोंडावर २.७ मिमीचा षटकोन, उंची जेमतेम ०.७ मिमी. एवढ्या बुटक्या उंचवट्याला आडवा जोर पेलत नाही, तो स्क्रूवर येतो, स्क्रू सैल होतो, कधी तुटतो. षटकोन आत खोल घेतला, तोंडाला तिरकी कड दिली, की ॲबटमेंट इम्प्लांटच्या भिंतींवर टेकतो आणि स्क्रूचा भार हलका होतो. षटकोनाच्या खाली स्क्रूचे आटे. आज इंटरनल हेक्स म्हणून जे मिळतं त्याचा सांगाडा हाच.

मात्र पेटंटच्या आकृतीवरून माप काढायचं नाही. आकृती प्रमाणात असल्याची हमी नसते. ती कल्पना समजावते, ड्रॉइंग म्हणून देत नाही. बाजारात ३.५ तोंडाच्या इंटरनल हेक्सची समोरासमोरच्या बाजूंमधली मापं २.४२ ते २.५० मिमी अशी फिरतात आणि सगळ्यांचं नाव एकच. यातून काय होतं ते हिशेबाने मांडलं: २.५० च्या खाचेत २.४२ चा ॲबटमेंट घातला तर तो मधल्या स्थितीपासून प्रत्येक बाजूला साधारण ३.५ अंश फिरतो, एकूण ७ अंश. २.४४ च्या खाचेत तोच ॲबटमेंट एकूण १.७ अंशाच्या आत राहतो. एका दाताच्या क्राउनला ७ अंश म्हणजे शेजारच्या दाताशी संपर्क जुळत नाही, आणि चावताना रोज थोडंथोडं हलून स्क्रू ढिला होतो. तोंडात बसेपर्यंत हे कोणाच्या लक्षात येत नाही, मग रुग्णाला पुन्हा खुर्चीत बसावं लागतं. म्हणून नमुना हातात घेऊन गो-नो गो पिनांनीच (एक खाचेत जायलाच हवी, दुसरी जाता कामा नये) मोजायचं, कॅटलॉगवरून नाही.

स्क्रूचंही तसंच. या घराण्यातला स्क्रू १-७२ यूएनएफ या इंची मापाच्या आट्यांचा: बाहेरचा व्यास १.८५ मिमी, पिच (दोन आट्यांमधलं अंतर) ०.३५३. आणि मेट्रिक एम १.८ चा पिच ०.३५. दोन्ही डोळ्यांना सारखेच. एम १.८ चा स्क्रू १-७२ च्या भोकात गोडीने जातो, हाताला अडकत नाही, म्हणूनच घातक. व्यासात ०.०५ मिमीची तूट असल्याने आटे काठावरच धरतात आणि ३० न्यूटन-सेंटिमीटरला आवळताना किंवा नंतर चावण्याच्या भाराखाली घसरतात. स्टोअरमध्ये दोन्ही एका ट्रेमध्ये ठेवायचे नाहीत, हे आजपासून लिखित.

२४ जून

पृष्ठभागाच्या फाइलची सुरुवात यूएस ४,३३०,८९१ ने केली. १९८२चं पेटंट, शोधकांत पेर-इंगवार ब्रोनेमार्क. मुदत कधीच संपली, तरी संबंधित सगळ्यांनी वाचायचं ठरलं, कारण हे पेटंट ज्या कारणाने कोसळलं ते आमच्या रोजच्या कामाचं आहे.

दावा काय होता: हाडात बसवायच्या टायटॅनियमच्या वस्तूच्या पृष्ठभागावर सूक्ष्म खळग्यांचं जाळं, खळग्यांचा व्यास १० ते १००० नॅनोमीटर, शक्यतो १० ते ३००. हाड टायटॅनियमला घट्ट चिकटतं याचं श्रेय या खळग्यांना दिलं होतं. पण ब्रोनेमार्क आणि सहकाऱ्यांचं दहा वर्षांच्या रुग्णानुभवाचं पुस्तक १९७७ सालीच छापून आलं होतं आणि त्यात इम्प्लांटच्या पृष्ठभागाची इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखालची चित्रं होती. पुढे अमेरिकेत नोबेलफार्मा विरुद्ध इम्प्लांट इनोव्हेशन्स हा खटला उभा राहिला, तेव्हा त्याच चित्रांतले खळगे मोजून दाखवले गेले. ते दाव्याच्या मापात बसत होते. स्वीडनमधल्या अर्जाच्या पहिल्या मसुद्यात या पुस्तकाचा उल्लेख होता, दाखल करताना तो काढला गेला, आणि अमेरिकन कार्यालयाला पुस्तक दाखवलंच नाही. ज्युरीने हे पेटंट फसवणुकीने मिळवल्याचा निष्कर्ष काढला. उत्तम पद्धत न सांगितल्यामुळेही ते अवैध ठरलं. त्याच्या जोरावर खटला भरल्याबद्दल नोबेलफार्मावर ३३ लाख डॉलरची भरपाई बसली, ती मक्तेदारीविरोधी कायद्याप्रमाणे तिप्पट झाली, आणि १९९८ मध्ये फेडरल सर्किट या अपील न्यायालयाने निकाल कायम केला.

यातून आमच्यासाठी दोन कामं निघाली. एक, प्रायर आर्ट (अर्जाच्या आधीच जाहीर असलेली माहिती) म्हणजे फक्त पेटंट नव्हेत. पाठ्यपुस्तक, परिषदेचं पत्रक, जुना कॅटलॉग, पदव्युत्तर प्रबंध, अगदी चित्राखालची ओळसुद्धा धरायची. चित्रात मोजता येतं ते शब्दांत लिहिलेलं नसलं तरी मोजून दाखवता येतं. दंत महाविद्यालयांच्या ग्रंथालयांत अशा वस्तू पडून असतात. त्यांवर ग्रंथालयाच्या शिक्क्याची तारीख असेल तर शिक्क्यासकट पानाचा फोटो घ्यायचा, कारण वाद होतो तो मजकुरापेक्षा तारखेवर. दोन, आमचा स्वतःचा अर्ज करायची वेळ आली तर माहीत असलेला प्रत्येक जुना संदर्भ लिहायचा, तो आपल्या दाव्याला बोचत असला तरी.

३० जून

पृष्ठभाग, पुढे. फक्त ए६१सी मध्ये शोधलं तर आम्लाच्या प्रक्रिया निसटतात, कारण त्या धातूच्या वर्गांत जाऊन बसतात: आम्लाने धातू कोरणं (एचिंग) सी२३एफ १/२६, ॲनोडायझिंग सी२५डी ११/२६, आणि रोपणाची द्रव्यं ए६१एल २७/०६. तिन्ही जोडले तेव्हा यादी खऱ्या अर्थाने भरली.

यूएस ५,६०३,३३८, शोधक बीटी, १९९७: दोन टप्प्यांची आम्लप्रक्रिया. आधी हायड्रोफ्लोरिक आम्लाने टायटॅनियमवरचा मूळ ऑक्साइड काढायचा, मग सल्फ्युरिक आणि हायड्रोक्लोरिकच्या मिश्रणाने पृष्ठभाग खडबडीत करायचा. क्रम महत्त्वाचा आहे. ऑक्साइडचा थर जागोजागी राहिला तर दुसरं आम्ल सारखं काम करत नाही आणि पृष्ठभागावर चट्टे दिसतात. बाजारातल्या दुसऱ्या वाटेत पहिला टप्पा ॲल्युमिनाच्या जाड दाण्यांच्या माऱ्याचा असतो, मग आम्ल. तिथे धोका रुतून बसलेल्या दाण्यांचा, तो आम्लानंतर ईडीएक्सने (पृष्ठभागावरची मूलद्रव्यं ओळखणारी क्ष-किरण चाचणी) पाहावा लागतो.

दावे तपासण्याचा तक्ता इथे पहिल्यांदा कामाला आला. डावीकडे दाव्याचा एकेक घटक, उजवीकडे आमच्या वस्तूत तो आहे की नाही. एक जरी घटक नसेल तर त्या दाव्याचं शब्दशः उल्लंघन नाही. पण ‘नाही’ लिहिताना पुरावा जोडायचा: खरखरीतपणाचा आलेख, एसईएमचं (इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाचं) चित्र, आम्लाची कृती. ‘आमचं वेगळं आहे’ एवढं लिहिलेल्या तीन ओळी परत पाठवल्या. आणि सारांश किंवा आकृती वाचून निर्णय द्यायचा नाही. हक्क दाव्यात असतो, बाकी सगळं तो समजून घेण्यासाठी.

८ जुलै

भारतीय फाइल आतून वाचणे. इनपासवर ‘व्ह्यू डॉक्युमेंट्स’मध्ये पहिला परीक्षण अहवाल, त्याचं उत्तर, सुनावणीची नोटीस, बदललेले दावे, सगळं उघडं असतं. परीक्षकाने डी१, डी२ म्हणून दिलेले कागद म्हणजे फुकटात मिळालेला शोध. आमच्या यादीत नसलेली कागदपत्रं तिथेच सापडली.

दंत उपकरणांच्या परदेशी अर्जांत एक गोष्ट वारंवार दिसते. मूळ अर्जात वस्तूचेही दावे असतात आणि ‘इम्प्लांट बसवण्याची पद्धत’ असेही. भारतात कलम ३(आय) प्रमाणे शस्त्रक्रियेची, उपचाराची किंवा निदानाची पद्धत पेटंटयोग्य नाही. ते दावे गळतात, वस्तूचे राहतात. म्हणून अमेरिकन दावे वाचून भारतातला धोका मोजायचा नाही. भारतात मंजूर झालेले अंतिम दावेच उघडायचे. दावे कुठे आवळले गेले तेही उत्तराच्या पत्रात दिसतं. जुन्या कागदापासून सुटण्यासाठी अर्जदाराने ‘आमचा शंकू अमुक अंशाचाच’ असं लिहून दिलं असेल, तर तो नंतर सैल अर्थ लावायला लागला तेव्हा हे पत्र कामी येतं.

ई-रजिस्टरमध्ये नूतनीकरण पाहायचं. शुल्क थकलं की पेटंट संपतं, पण संपल्याच्या तारखेपासून १८ महिन्यांत पुन्हा जिवंत करण्याचा अर्ज करता येतो. त्यामुळे ‘इनॲक्टिव्ह’ दिसलं की तक्त्यात लगेच हिरवी (वाट मोकळी) खूण नाही. थकल्याची तारीख लिहायची, १८ महिने मोजायचे, तोवर पिवळी (थांबा). मधल्या काळात काम सुरू केलेल्यांना कायदा काही संरक्षण देतो, तरी साच्यांवर पैसे घालण्याआधी थांबलेलं बरं.

डिझाइनची नोंदणी वेगळ्या रजिस्टरमध्ये असते, कारभार कोलकात्याचा. वर्ग २४. मुदत १० वर्षं, वाढवून आणखी ५. पॅकिंगची कुपी आणि ड्रायव्हरची मूठ तिथे तपासली. पेटंटमध्ये काही नाही म्हणून मूठ हुबेहूब उतरवता येत नाही.

१५ जुलै

अमेरिकेच्या एफडीए या औषध-उपकरण नियामकाच्या ५१०(के) नोंदी, म्हणजे उपकरण विकण्याआधी घ्यायच्या परवानगीच्या. इम्प्लांटचा उत्पादन संकेत डीझेडई, ॲबटमेंटचा एनएचए. मुळाच्या आकाराचे इम्प्लांट २००४ मध्ये जोखमीच्या तिसऱ्या वर्गातून दुसऱ्यात आले. क्रमांकात ‘के’ नंतरचे दोन आकडे वर्षाचे.

उपयोगाचा भाग म्हणजे ‘समरी’चं पीडीएफ. त्यात तुलनेचा तक्ता असतो: व्यास, लांबी, द्रव्य (शुद्ध टायटॅनियम एएसटीएम एफ६७, की मिश्रधातू एफ१३६), पृष्ठभाग, जोडाचा प्रकार, निर्जंतुकीकरण. ॲबटमेंटच्या समरीत तो नेमका कोणत्या कंपनीच्या कोणत्या इम्प्लांटसाठी आहे ते नाव घेऊन दिलेलं असतं, पेटंटमध्ये हे कधी मिळत नाही. कुठे समरीऐवजी ‘स्टेटमेंट’ असतं. तिथे माहिती कंपनीकडून मागवावी लागते.

५१०(के) मिळालं म्हणजे पेटंटचा प्रश्न सुटला, हा समज पार खोडायचा आहे. तिथे ‘आधीच्या उपकरणासारखंच आहे’ असं सिद्ध करतात. सारखेपणा जितका जोरात सांगाल, तितका तो पेटंटधारकाच्या हातात पुरावा.

२२ जुलै

मॉड, म्हणजे एफडीएकडे आलेल्या तक्रारींचा साठा. एका शोधात ५०० पर्यंतच नोंदी मिळतात आणि डीझेडईच्या एवढ्या आहेत की महिना महिना तोडून शोधावं लागतं. २०१९ पर्यंत काही उपकरणांचे अहवाल वेगळ्या सारांशपद्धतीने जात होते, ते मॉडच्या शोधात येत नाहीत. त्या फायली २०१९ मध्ये खुल्या झाल्या आणि दंत इम्प्लांटचे अहवाल त्यांत फार मोठ्या संख्येने आहेत. जुन्या वर्षांत तक्रारी कमी दिसतात त्याचं एक कारण हे. नोंदींवरून ‘इतके टक्के निकामी’ असं काढता येत नाही, कारण किती बसवले ते तिथे नाही. आम्हाला हवं होतं ते मजकुरात मिळालं: स्क्रू कुठे तुटतो त्याचं वर्णन, डोक्याखाली की पहिल्या आट्याशी. दोन्ही जागी ड्रॉइंगमध्ये गोलाई वाढवली.

२८ जुलै

थकव्याच्या चाचणीची तयारी, आयएसओ १४८०१. इम्प्लांट ३० अंश तिरका धरायचा, हाड ३ मिमी खाली गेलंय असं समजून तेवढा उघडा ठेवायचा, भाराचं केंद्र आधारापासून ११ मिमी. कोरड्यात १५ हर्ट्झपर्यंत ५० लाख आवर्तनं. द्रवात २ हर्ट्झपर्यंत, २० लाख. धरणारा साचा मऊ पडला तर निकालावर विसंबता येत नाही.

चाचणीचे नमुने बनवायला वैद्यकीय उपकरण नियम २०१७ खाली एमडी-१२ चा अर्ज, परवाना एमडी-१३. जिवंत पेटंटच्या कक्षेत येणारा नमुना फक्त नियामकाला माहिती देण्यापुरता बनवला तर कलम १०७ए त्याला उल्लंघन मानत नाही. पण त्यातलाच एक नमुना प्रदर्शनात गिऱ्हाइकाला दाखवला की हे छत्र गेलं. म्हणून नमुन्यांवर क्रमांक, वहीत हिशेब, चाचणीनंतर तुटलेले तुकडेही परत कपाटात.

१ ऑगस्ट, शुक्रवार

पेटंट जर्नल दर शुक्रवारी निघतं. आजपासून दर शुक्रवारी ए६१सी ८/००, ए६१एल २७ आणि सी२५डी ११ हे वर्ग चाळायचे. प्रसिद्धीनंतर सहा महिन्यांच्या आत मंजुरी मिळत नाही, तेवढी सवड प्रायर आर्ट गोळा करायला. मंजुरीआधी विरोध कुणीही करू शकतं. मंजुरीनंतर फक्त हितसंबंध असलेल्याला, तेही एका वर्षाच्या आत. तक्त्यात प्रत्येक जिवंत अर्जापुढे या दोन्ही तारखा आणि शेवटचं फाइल उघडल्याची तारीख. आजच्या घडीला जोड हिरवा, स्क्रू हिरवा, आटे हिरवे, ड्रायव्हरची मूठ बदलून हिरवी, पृष्ठभाग पिवळा. आम्लाची कृती गोठवायची नाही.